पन्नाशीत सुरू झालेली कारकीर्द : अभिनेत्री लिझ स्मिथ यांचे प्रकरण

लिझ स्मिथ यांना तरुणपणी पडद्यावर कोणीही पाहिलेले नाही. ११ डिसेंबर १९२१ रोजी जन्मलेल्या या अभिनेत्रीची पहिली महत्त्वाची पडद्यावरची भूमिका १९७१ साली लोकांसमोर आली, तेव्हा त्यांच्या वयाची पन्नाशी जवळ आली होती. तिथून पुढे, पक्षाघाताच्या झटक्यांमुळे २००९ साली थांबावे लागेपर्यंत, जवळजवळ चार दशके त्या ब्रिटिश दूरचित्रवाणीवर आणि चित्रपटांत अव्याहत काम करत राहिल्या. त्यांच्या वाट्याला आलेल्या बहुतेक भूमिका कोणाच्या तरी आईच्या, सासूच्या, आजीच्या किंवा शेजारणीच्या होत्या. एवढ्या उशिरा सुरू झालेली कारकीर्द इतकी कशी टिकली, तिच्या पाठीशी ब्रिटिश दूरचित्रवाणीची कोणती घडण उभी होती, आणि त्याच घडणीने या अभिनेत्रीला कोणत्या चौकटीत बसवून ठेवले, हे या प्रकरणात पाहायचे आहे.

अशा भूमिकांना मराठीत आपण कधी ‘सहायक’ म्हणतो, कधी ‘दुय्यम’. पहिल्या शब्दात नायकाचा मदतनीस असल्याचा भाव आहे आणि दुसऱ्यात उतरंड आहे. चित्रपटांच्या जगात रुळलेला ‘चरित्र अभिनेत्री’ हा तिसरा शब्द मला या प्रकरणाला सर्वांत जवळचा वाटतो, कारण लिझ स्मिथ यांनी जे केले त्याला मदत म्हणता येत नाही आणि ते दुसऱ्या क्रमांकाचेही नव्हते. कथेत जिला जेमतेम दहा वाक्ये आहेत, अशा बाईला मागचे साठ-सत्तर वर्षांचे आयुष्य आहे हे त्या दहा वाक्यांत पटवून देणे, हे त्यांचे काम होते.

आधीची अठ्ठेचाळीस वर्षे

त्यांचे मूळ नाव बेटी ग्लीडल. जन्म लिंकनशायर परगण्यातील स्कन्थॉर्प या पोलाद कारखान्यांच्या गावचा. त्या दोन वर्षांच्या असताना आई बाळंतपणात गेली. वडिलांनी दुसरे लग्न केले आणि मुलगी सात वर्षांची असताना ते तिच्या आयुष्यातून कायमचे निघून गेले. आजीने तिला वाढवले. आजी-आजोबांबरोबर पाहिलेली नाटके आणि सिनेमे हाच त्या घरातला विरंगुळा होता, आणि अभिनयाची ओढ तिथेच लागली. पुढे पडद्यावर ज्यांनी इतक्या आज्या उभ्या केल्या, त्यांच्या स्वतःच्या बालपणात घर म्हणजेच आजी होती, हा योगायोग इतका ठळक आहे की त्यावर फार जोर देण्याची गरज नाही. तरीही म्हातारी माणसे घरात कशी बसतात, कशी ऐकतात, नको ते नेमके कसे ऐकतात, हे निरीक्षण त्यांच्याकडे लहानपणापासून जमा होत होते, हे विसरून चालणार नाही.

दुसऱ्या महायुद्धात त्या नौदलाच्या महिला दलात होत्या. युद्धानंतर जॅक थॉमस यांच्याशी संसार झाला, दोन मुले झाली आणि १९५९ साली घटस्फोट झाला. त्या काळच्या इंग्लंडात घटस्फोटित स्त्रीची स्थिती काय होती, हे समजून घेतल्याशिवाय पुढची दहा-अकरा वर्षे कळत नाहीत. घटस्फोट मिळवण्यासाठी व्यभिचार, क्रौर्य किंवा परित्याग यांसारखा जोडीदाराचा दोष न्यायालयात सिद्ध करावा लागे. विवाह सावरण्यापलीकडे मोडला आहे एवढ्या कारणावर विभक्त होण्याची सोय १९६९ च्या कायद्याने झाली आणि तो कायदा १९७१ पासून अंमलात आला. म्हणजे १९५९ मध्ये दोन मुलांना घेऊन एकटी राहणारी स्त्री ही शेजारपाजारच्या नजरेत कोणत्या तरी दोषाची भागीदार ठरलेली असे, आणि पैशाची ओढाताण वेगळीच. लिझ स्मिथ यांनी या काळात मिळेल ते काम केले आणि मुलांना वाढवले.

अभिनय मात्र त्यांनी सोडला नाही. अमेरिकेतून आलेल्या ‘मेथड’ पद्धतीचा अभ्यास करणाऱ्या लंडनमधील एका गटात त्या जात असत. पात्राच्या भावनेपर्यंत स्वतःच्या स्मृतीतून पोहोचायचे, हा त्या पद्धतीचा गाभा होता आणि ती शिकताना उत्स्फूर्त अभिनयाचा भरपूर सराव होत असे. यातून पैसे मिळत नव्हते. ज्या वयात इतर अभिनेत्री नायिकेच्या भूमिकांकडून आईच्या भूमिकांकडे सरकत असतात, त्या वयात त्या अशा खोल्यांमधून सराव करत होत्या, जिथे प्रेक्षक मोजके असत आणि टाळ्या त्याहून मोजक्या. ब्रिटनमधील कामगारवर्गीय कुटुंबे जिथे आठवडाभराची सुट्टी घालवायला जात, त्या बटलिन्सच्या छावण्यांमध्ये करमणुकीची कामेही त्यांनी केली.

या काळाकडे ‘वाया गेलेली वर्षे’ म्हणून पाहण्याचा मोह होतो, आणि ‘त्या वर्षांनीच त्यांना घडवले’ असे म्हणून मन समजावण्याचाही. दोन्ही विधाने एकाच वेळी खरी आहेत असे मला वाटते. कष्ट, एकटेपणा आणि काटकसर यांतून आलेले बारकावे त्यांच्या प्रत्येक भूमिकेत दिसतात. पण तीस ते अठ्ठेचाळीस या वयातल्या ज्या भूमिका त्यांना कोणी दिल्याच नाहीत, त्या कायमच्या गेल्या, आणि नंतरच्या कोणत्याही पुरस्काराने ती भरपाई झालेली नाही.

खेळण्यांच्या दुकानात आलेला निरोप

सत्तरच्या दशकाच्या तोंडावर त्या लंडनच्या रीजंट स्ट्रीटवरील हॅम्लीज या दुकानात खेळणी विकण्याचे काम करत होत्या. आज मुंबईच्या मॉलमध्येही दिसणारे आणि २०१९ पासून रिलायन्सच्या मालकीचे असलेले तेच हे दुकान. तिथे असताना त्यांना निरोप मिळाला, की माईक ली नावाचा एक तरुण दिग्दर्शक आपल्या पहिल्या चित्रपटासाठी उत्स्फूर्त अभिनय करू शकेल अशी मध्यमवयीन स्त्री शोधतो आहे.

हा शोध सोपा नव्हता, आणि या प्रकरणातले पहिले कारण इथेच सापडते. इंग्लंडमधील त्या पिढीच्या बहुतेक अभिनेत्री छोट्या शहरांतील स्थानिक नाटकसंचांच्या शिस्तीत तयार झालेल्या होत्या. दर एक-दोन आठवड्यांनी नवे नाटक बसवायचे, संहिता झपाट्याने पाठ करायची, ठरलेल्या जागी उभे राहून स्पष्ट आवाजात वाक्य पोहोचवायचे, हे त्या संचांचे शिक्षण. माईक ली यांच्याकडे संहिताच नव्हती. ते नटाला त्याच्या ओळखीतल्या खऱ्या माणसांबद्दल बोलते करत, त्यांतून एखादे माणूस निवडून त्याच्या आधारे पात्र घडवायला घेत, आणि आठवडेच्या आठवडे नटाने त्या पात्राच्या अंगात वावरून झाल्यावर मगच पात्रांना एकमेकांसमोर आणत. प्रसंग आणि संवाद या सरावातून ठरत जात. पन्नाशीच्या आसपासची आणि या पद्धतीला न बिचकणारी नटी लंडनमध्ये विरळा होती. व्यवसायाच्या कडेला राहून लिझ स्मिथ जे शिकत होत्या, त्याचीच नेमकी गरज आता निर्माण झाली होती.

‘ब्लीक मोमेन्ट्स’ या १९७१ च्या चित्रपटात त्यांनी पॅट या एकाकी तरुणीच्या आईची भूमिका केली. अल्बर्ट फिनी यांच्या निर्मिती संस्थेच्या आणि ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटच्या मदतीने अगदी तुटपुंज्या पैशांत झालेला हा चित्रपट समीक्षकांना आवडला. तरीही माईक ली यांना चित्रपटगृहांसाठी पुढचा पूर्ण लांबीचा चित्रपट करायला १९८८ साल उजाडावे लागले. दरम्यानच्या सतरा वर्षांत ब्रिटिश चित्रपट उद्योगाकडे अशा विषयांसाठी पैसाच नव्हता, आणि जे काही गंभीर काम होत होते त्यातले पुष्कळसे बीबीसीच्या एकेका नाट्यपटातून होत होते. दिग्दर्शक दूरचित्रवाणीकडे वळला आणि त्याच्यामागून त्याची अभिनेत्रीही तिथे पोहोचली. लिझ स्मिथ ‘दूरचित्रवाणीच्या’ अभिनेत्री झाल्या त्या या आर्थिक कारणामुळे. त्यांनी ठरवून केलेली ती निवड होती असे म्हणता येणार नाही.

मिसेस थॉर्नली

बीबीसीच्या ‘प्ले फॉर टुडे’ या १९७० ते १९८४ या काळात चाललेल्या नाट्यपटमालेत १२ मार्च १९७३ रोजी माईक ली यांचा ‘हार्ड लेबर’ दाखवला गेला. निर्माते टोनी गार्नेट होते. लिझ स्मिथ यांच्या आयुष्यात मुख्य म्हणावी अशी जी थोडकी कामे झाली, त्यांतले हे पहिले, आणि माझ्या मते सर्वांत मोठे. म्हणून इथे जरा थांबायला हवे.

मँचेस्टरला लागून असलेल्या सॅल्फर्ड या शहरात माईक ली स्वतः डॉक्टरच्या घरात वाढले होते. त्याच परिसरात ही कथा घडते. मिसेस थॉर्नली ही रात्रपाळीच्या पहारेकऱ्याची बायको. ती दुसऱ्यांच्या सुस्थितीतल्या घरी साफसफाईला जाते आणि परत येऊन स्वतःच्या घरी तेच काम पुन्हा करते. नवऱ्याची फर्माने, मुलीची अडचण, मुलगा आणि सून यांच्या नव्या संसाराचा तोरा हे सगळे तिच्या अवतीभवती चालते आणि ती जवळजवळ काहीच बोलत नाही. सुनेच्या भूमिकेत ॲलिसन स्टेडमन आहेत. टॅक्सी चालवणाऱ्या नसीमच्या छोट्या भूमिकेत बेन किंग्जले आहेत, ज्यांना पुढे १९८२ च्या ‘गांधी’मुळे साऱ्या भारताने ओळखले.

लिझ स्मिथ या भूमिकेत काय करतात हे शब्दांत सांगणे अवघड आहे, कारण दाखवण्यासारखे त्या फारच थोडे करतात. नवऱ्याच्या केसाळ पाठीला मलम चोळतानाचा प्रसंग घ्या. त्या हातांत तिटकारा आहे, पण तो चेहऱ्यावर येऊ दिलेला नाही. इतक्या वर्षांच्या सवयीने तिटकाऱ्याचेही काम झालेले आहे, आणि काम म्हटले की ते नीट करायचे, एवढेच तिला माहीत आहे. शेवटाकडे ती चर्चमध्ये पाद्र्यासमोर पापनिवेदन करते आणि आपले माणसांवर पुरेसे प्रेम नाही, असे सांगते. दिवसभर सगळ्यांसाठी राबणाऱ्या बाईला स्वतःचा अपराध म्हणून हे सुचावे, यात त्या नाट्यपटाचा सगळा अर्थ आहे, आणि लिझ स्मिथ ते वाक्य घरातला एखादा जिन्नस संपल्याचे सांगावे इतक्या साधेपणाने बोलतात. रडल्या असत्या तर प्रेक्षकाला सुटका मिळाली असती.

काही प्रेक्षकांना आणि समीक्षकांना हे चित्रण अति करडे वाटते, आणि कष्टकऱ्यांकडे वरून पाहिल्यासारखे वाटते, हा आक्षेप माईक ली यांच्या पुष्कळ कामांवर घेतला गेला आहे. सुनेच्या किंवा मालकिणीच्या पात्रांबाबत त्यात थोडेफार तथ्य असेलही. मिसेस थॉर्नलीबाबत मात्र तो टिकत नाही. तिच्याकडे कोणी वरून पाहू शकत नाही, कारण ती स्वतःबद्दल कुठलीही दया मागत नाही.

अभिनेत्रीचे वय तेव्हा ५१ होते. या कामानंतर त्यांना भूमिकांसाठी वणवण करावी लागली नाही. पण त्याच कामाने त्यांचा साचाही ठरला : उत्तर इंग्लंडातली, कष्टकरी किंवा निम्नमध्यमवर्गातली, वयस्क बाई. १९७५ ते १९७९ या काळात बीबीसीवर चार पर्वांत आलेल्या ‘आय डिड्न्ट नो यू केअर्ड’ या यॉर्कशायरमधील कुटुंबावरच्या विनोदी मालिकेत त्यांनी मिसेस ब्रँडन रंगवली. पीटर टिनिसवुड यांचे लेखन कोरडे आणि विचित्र विनोदाचे होते. गप्प बसण्यात तरबेज झालेल्या अभिनेत्रीला विनोदाचा ठेका सापडला तो या मालिकेत.

मोठ्या पडद्यावरची आई

१९८४ साली ‘अ प्रायव्हेट फंक्शन’ हा चित्रपट आला. लेखक ॲलन बेनेट, दिग्दर्शक माल्कम मॉब्रे. १९४७ चे यॉर्कशायर, युद्ध संपले तरी न संपलेले रेशनिंग, राजकन्येच्या लग्नानिमित्त गावच्या प्रतिष्ठितांनी मेजवानीसाठी चोरून पाळलेले डुक्कर, आणि ते पळवून आणणारा पायांचे उपचार करणारा एक भिडस्त गृहस्थ. तो मायकेल पॅलिन. त्याची महत्त्वाकांक्षी बायको जॉइस ही मॅगी स्मिथ, आणि जॉइसची विसरभोळी, अधाशी, सतत संशयात असलेली आई लिझ स्मिथ. श्रेयनामावलीत या पात्राला नावसुद्धा नाही. तिथे फक्त ‘आई’ असे लिहिलेले आहे. घरात लपवलेल्या डुकराचा वास सुटतो तेव्हा जॉइस पाहुण्यांसमोर त्याचे खापर आईवर फोडते आणि तिचे वय चौऱ्याहत्तर असल्याचे कारण पुढे करते.

चौऱ्याहत्तर वर्षांची ही म्हातारी साकारताना लिझ स्मिथ साठीच्या थोड्या पुढे होत्या, आणि पडद्यावरची त्यांची मुलगी मॅगी स्मिथ प्रत्यक्षात त्यांच्याहून फक्त तेरा वर्षांनी लहान होती. वयाचा हा खेळ कोणाच्या लक्षात येत नाही, याचे श्रेय अभिनेत्रीला आहेच. पण व्यवसायाची नजरही त्यात दिसते. एका बाईला पन्नाशीतही नायिकेचे तेज ठेवता येते आणि तिच्याहून जेमतेम तेरा वर्षांनी मोठी असलेली दुसरी बाई तिची आई म्हणून सहज खपते. हा फरक दोघींच्या चेहऱ्यांनी ठरवला असे मला वाटत नाही. एकीला पडद्यावर पोहोचायला पन्नाशी गाठावी लागली आणि दुसरी विशीपासूनच रंगभूमीवर होती, हे त्याचे खरे कारण आहे. जी नटी आईच्या भूमिकेतूनच प्रवेश करते, तिला पुढे फक्त आजीकडेच जाता येते.

ब्रिटिश चित्रपट अकादमीच्या १९८५ च्या सोहळ्यात या चित्रपटाला अभिनयाचे तीन पुरस्कार मिळाले : मॅगी स्मिथ सर्वोत्कृष्ट अभिनेत्री, डेन्होम एलियट सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेता आणि लिझ स्मिथ सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्री. खेळण्यांच्या दुकानातल्या त्या निरोपाला तेव्हा सुमारे पंधरा वर्षे झाली होती. पुरस्कारानंतर चित्रपट येत राहिले आणि पीटर ग्रीनअवे यांच्यासारख्या निराळ्या वाटेच्या दिग्दर्शकानेही त्यांना घेतले. तरी त्यांचे घर दूरचित्रवाणी हेच राहिले.

सहा भागांचे गणित

हे घर टिकण्यामागे ब्रिटिश विनोदी मालिकांची बांधणी आहे. तिथल्या मालिकेचे एक पर्व साधारण सहा किंवा सात भागांचे असते, लेखन बहुधा एक किंवा दोन लेखकांचे असते, आणि दोन पर्वांमध्ये वर्षभराचे किंवा त्याहूनही मोठे अंतर पडू शकते. आपल्याकडच्या रोजच्या मालिकांची सवय असलेल्या प्रेक्षकाला हे प्रमाण फार लहान वाटेल. चरित्र अभिनेत्रीसाठी याचा अर्थ असा, की एका कामावर वर्षभराचे पोट भरत नाही, पण एका कामाने ती बांधलीही जात नाही. १९६० पासून चालू असलेल्या ‘कोरोनेशन स्ट्रीट’सारख्या अखंड मालिकेत शिरलेली नटी वर्षानुवर्षे एकाच पात्राची होऊन राहते. लिझ स्मिथ यांनी दुसरी वाट चालवली. नव्वदच्या दशकात त्या ‘टू पॉइंट फोर चिल्ड्रन’ मध्ये अधूनमधून येत होत्या, ‘द व्हिकार ऑफ डिब्ली’ मध्ये होत्या, आणि दशक संपता संपता ‘द रॉयल फॅमिली’ मध्ये पोहोचल्या.

‘डिब्ली’ १९९४ च्या नोव्हेंबरमध्ये सुरू झाली. इंग्लंडच्या चर्चने स्त्रियांना पाद्री म्हणून दीक्षा द्यायला सुरुवात केली तेही हेच वर्ष, आणि डॉन फ्रेंच यांची जेराल्डीन ही अशीच एका खेड्यात नेमलेली स्त्री पाद्री. लिझ स्मिथ यांची लेटिशिया क्रॉप्ली ही ग्रामसमितीतली, चर्चमध्ये फुलांची मांडणी करणारी आणि कोणत्याही पदार्थात कोणताही पदार्थ घालून गावाला खायला घालणारी बाई. विनोदाची कल्पना तशी एकरेषीय आहे आणि तिच्यातून फार खोल काही निघेल असे वाटत नाही. पण १९९६ च्या ईस्टरच्या विशेष भागात लेखकांनी लेटिशियाला मृत्युशय्येवर आणले. दर ईस्टरला गुपचूप ससा बनून मुलांसाठी अंडी ठेवणारी व्यक्ती तीच होती, हे तेव्हा उघड होते, आणि ही जबाबदारी ती जेराल्डीनवर सोपवते. पहिल्याच पर्वानंतर पात्र संपवले जाणे ही सहायक कलाकाराच्या नशिबातली नेहमीची गोष्ट आहे : मालिका नायिकेभोवती चालते आणि बाकीच्यांच्या असण्या-नसण्याचा निर्णय लेखकाच्या टेबलावर होतो. ज्या बाईच्या स्वयंपाकावर सगळे हसत होते, तिच्या जाण्याने हसणाऱ्यांचा घसा दाटून यावा, एवढे वजन मात्र लिझ स्मिथ यांनी त्या पोकळ पात्रात आधीच भरून ठेवले होते.

सोफ्यावरची नॅना

१४ सप्टेंबर १९९८ रोजी बीबीसी टू वर ‘द रॉयल फॅमिली’ सुरू झाली. लेखन कॅरोलाइन अहर्न आणि क्रेग कॅश यांचे, पहिल्या पर्वात हेन्री नॉर्मल यांचेही. मँचेस्टरमधील रॉयल आडनावाच्या एका साध्या कुटुंबाची बैठकीची खोली, चालू असलेला टीव्ही, भरलेला ॲशट्रे, चहाचे कप आणि सोफ्यावरून न उठणारी माणसे, एवढाच या मालिकेचा ऐवज. त्या काळच्या बहुतेक विनोदी मालिका प्रेक्षकांसमोर, अनेक कॅमेऱ्यांवर चित्रित होत आणि त्यांना हशा जोडलेला असे. इथे हशा नव्हता. चित्रण फिल्मवर होते. कुठे हसायचे हे कोणी सांगत नव्हते, आणि त्यामुळे नटालाही हशासाठी थांबण्याची मुभा नव्हती.

उत्तर इंग्लंडात आजीला ‘नॅना’ म्हणतात. (आपल्याकडचे ‘नाना’ अर्थातच वेगळे.) लिझ स्मिथ यांची नॅना, म्हणजे नॉर्मा स्पीकमन, ही घरातल्या बार्बराची आई. ती वेगळी राहते, पण रविवारच्या जेवणाला येते, आणि जावई जिम तिच्या येण्यावर उघड करवादतो. बार्बराच्या भूमिकेत सू जॉन्स्टन, जिमच्या भूमिकेत रिकी टॉमलिन्सन. पंचवीस वर्षांपूर्वी माईक ली यांच्या तालमीत जे शिकून झाले होते, ते सगळे या खोलीत उपयोगी पडले. कॅमेरा एकाच सोफ्यावर बराच वेळ राहतो, त्यामुळे बोलणाऱ्या माणसाइतकाच गप्प बसलेला माणूसही चित्रात असतो. नॅना टीव्हीकडे पाहत असते, पण तिचा एक कान स्वयंपाकघराकडे असतो. आपल्याला नको असलेले बोलणे तिला ऐकू येत नाही आणि आपल्याबद्दलचे बोलणे भिंतीपलीकडूनही ऐकू येते. जिमच्या टोमण्यांवर ती दुखावलेली दिसते. हे दुखावणे कधी खरे असते आणि कधी हक्काचे भांडवल असते, आणि त्यातले कुठले कधी, हे लिझ स्मिथ सांगत नाहीत.

मालिकेची तीन पर्वे २००० पर्यंत झाली. त्यानंतर बरीच वर्षे काही नव्हते, आणि २९ ऑक्टोबर २००६ रोजी ‘द क्वीन ऑफ शीबा’ हा विशेष भाग आला. नॅना आजारी आहे, तिचा पलंग आता त्याच बैठकीच्या खोलीत मांडलेला आहे आणि बार्बरा तिचे सगळे करते आहे. सोफा तोच, टीव्ही तोच, विनोदही थांबलेला नाही. आईचे केस बार्बरा हळुवारपणे नीट करते तो प्रसंग त्या भागाचा कणा आहे. एकीला कळले आहे की फार दिवस उरलेले नाहीत. दुसरीला ते तिच्याही आधी कळलेले आहे. दोघी बोलतात ते केसांबद्दल आणि किरकोळ आठवणींबद्दल.

हा प्रसंग पाहताना मला प्रत्येक वेळी मिसेस थॉर्नलीचे हात आठवतात. त्या कथेत लिझ स्मिथ दुसऱ्याच्या अंगाला हात लावून त्याची सेवा करतात, मनाविरुद्ध, सवयीने. तेहेतीस वर्षांनी त्यांच्याच अंगाला, केसांना दुसऱ्या कोणाचे हात लागतात, प्रेमाने, आणि त्या ते करू देतात. करू देणे हे करण्यापेक्षा अवघड आहे, कारण त्यात नटाजवळ कृती उरत नाही. चेहरा उशीवर, आवाज खोल गेलेला, आणि तरीही आपली लेक आपल्याला राणीसारखी ठेवते आहे याचा आनंद डोळ्यांत दिसला पाहिजे. लिझ स्मिथ तेव्हा ८४ वर्षांच्या होत्या, म्हणजे हे मरण त्यांच्यासाठी अभिनयापुरते दूरचे नव्हते. त्यांनी त्याचा कुठेही फायदा उठवलेला नाही.

या भागाला ब्रिटिश अकादमीचा सर्वोत्कृष्ट विनोदी मालिकेचा पुरस्कार २००७ मध्ये मिळाला, आणि लिझ स्मिथ यांना त्याच वर्षी ब्रिटिश कॉमेडी ॲवॉर्ड्समध्ये दूरचित्रवाणीवरील सर्वोत्कृष्ट विनोदी अभिनेत्री म्हणून गौरवले गेले. इथे ‘सहायक’ हा शब्द नव्हता.

साचा आणि त्यातली माणसे

या प्रकरणाचा निकाल लावायचाच तर तो सरळ लागत नाही. लिझ स्मिथ यांच्याकडे पाहून ‘उशीर कधीच होत नसतो’ असे म्हणणारे पुष्कळ आहेत, आणि त्यांच्या आनंदात सहभागी व्हावेसे मलाही वाटते. पण उशीर झालाच होता. त्यांना संधी मिळाली ती उत्स्फूर्त अभिनयाची तयारी असलेली मध्यमवयीन स्त्री हवी असलेला एक दिग्दर्शक नेमका त्या वेळी होता म्हणून, त्याचे काम दाखवणारी एकेका नाट्यपटाची माला सार्वजनिक पैशांतून बीबीसी चालवत होती म्हणून, आणि पुढे लहान पर्वांच्या मालिकांत तिच्यासारख्या नटीला एकाच वेळी दोन-तीन ठिकाणी जागा होती म्हणून. यातली पहिली गोष्ट नशिबाची आणि उरलेल्या दोन व्यवस्थेच्या होत्या. ‘प्ले फॉर टुडे’ १९८४ मध्ये बंद झाल्यावर ‘हार्ड लेबर’ सारख्या मुख्य भूमिकेची शक्यता त्यांच्यासाठी जवळजवळ संपली, आणि उरल्या त्या विनोदी मालिकांमधल्या म्हाताऱ्या.

त्या म्हाताऱ्या मात्र एकसारख्या नाहीत. जॉइसची आई घरात अडगळ झालेली आहे आणि तिला ते समजते. लेटिशिया एकटी आहे आणि गावाला खाऊ घालणे हा तिचा माणसांत राहण्याचा मार्ग आहे. नॅना लाडावलेली आहे, लबाड आहे, आणि लेकीच्या प्रेमाबद्दल तिला रतीभरही शंका नाही. लेखनात या तिघींमध्ये जेवढा फरक आहे त्याहून अभिनयात जास्त आहे, आणि तो पाठ वाकवण्यात किंवा आवाज कापरा करण्यात नाही. प्रत्येकीला घरात आपली जागा किती आहे असे वाटते, यावर ती खुर्चीत किती पसरून बसते हे ठरते. मिसेस थॉर्नली खुर्चीच्या कडेवर बसते. नॅना सोफ्यात रुतून बसते.

शेवटची वर्षे झरझर सरली. २००५ मध्ये टिम बर्टन यांच्या ‘चार्ली अँड द चॉकलेट फॅक्टरी’ मध्ये त्या पलंगावरच्या चार आजी-आजोबांपैकी एक होत्या. २००८ मध्ये बीबीसीच्या ‘लार्क राइज टू कँडलफर्ड’ मध्ये त्यांनी टपाल कार्यालयाच्या घरातली जुनी नोकर झिला रंगवली. २००९ साली पक्षाघाताच्या झटक्यांनंतर, वयाच्या ८७ व्या वर्षी, त्यांनी अभिनयातून निवृत्ती जाहीर केली, आणि त्याच वर्षी राणीच्या वाढदिवसाच्या सन्मानयादीत त्यांना एमबीई हा किताब मिळाला. २ जुलै २०१६ रोजी कॅरोलाइन अहर्न वयाच्या अवघ्या ५२ व्या वर्षी गेल्या. पडद्यावर ज्या नातीने या आजीला निरोप दिला होता, ती डेनिस अहर्न यांनीच केली होती. लिझ स्मिथ त्यानंतर साडेपाच महिन्यांनी, २४ डिसेंबर २०१६ रोजी, ९५ व्या वर्षी गेल्या.